रावजीनं न ऐकलेली गोष्ट

सूरज बोटीवर खलाशी म्हणून लागल्यापासून रावजीच्या पदरात काय काय पडायचं होतं, ते अख्ख्या डाळज गावाला तोंडपाठ होतं: घरावर स्लॅब, बावड्याच्या बागायतदाराची लेक सून म्हणून, आणि जन्मभर मेंढरांमागं फिरलेल्या रावज्याचा चावडीवर ‘रावजीराव’. स्लॅब पडला होता. सुपारी फोडायला बावड्याची माणसं उद्या यायची होती. आणि आज भावकीतली छबूबाई उंबऱ्यात बसली होती, मुलाचं पत्र मुठीत धरून.

सिद्धू तिचा एकुलता एक. सूरजनंच त्याला बोटीवर चिकटवलं होतं. हॉलंडच्या बंदरात, गेटावर, त्याच्या हातातल्या बॅगेत कोकेन सापडलं.

“पोस्टमननं वाचलं, भावजी. म्हणतोय, बॅग सूरजची. गेटाभायेर निऊन दे म्हणला, म्हणून नेली. तितं तुरुंगात कुठल्या कुठल्या देशांची पोरं हायती म्हणं, समदी आसल्याच एकेका बॅगेपायी. सूरजनं खरं ल्हून दिलं तर सजा कमी हुईल.”

“तुमाला काय वाटतं, वैनी?”

“मला काय कळतंय? तुमी बिरोबाचा भंडारा उचलून आण घ्या. तुमी म्हणाल ते खरं.”

आत, सुपारीसाठी रजेवर आलेला सूरज दाढी करत होता. रावजीनं पत्राचं सांगितलं. ‘सिद्धू कसा हाय’ असं पोरानं विचारलं नाही. ‘पत्रात माझं नाव हाय का’ एवढंच विचारलं. कळपातलं लंगडं मेंढरू लांबून ओळखणाऱ्या रावजीला तेवढं पुरे होतं.

“आबा, त्याचं आसं झालं...”

“गप! मला काय सांगू नगं. मला भंडारा उचलायचाय.”

देवळात रावजीनं चिमूटभर भंडारा उचलून कपाळाला लावला. “माझ्या पोरानं आसलं काय केल्याचं मला ठावं न्हाय,” तो म्हणाला. एकेक शब्द तोलून. देवालाही त्यात खोट काढता आली नसती.

छबूबाईनं शब्द तोलले नाहीत. तिनं सरळ पाय धरले. “माफी करा, भावजी. माझ्याच पोटी खोटं निपजलं. आता त्याला पत्र तुमीच ल्हा. पोस्टमनम्होरं आणखी कशाला तमाशा?”

रावजीनं मान वर न करता लिहायला घेतलं. ती सांगत होती, “ल्हा, बिरोबाची आण झाली. दुसऱ्यावर आळ घालू नगंस. सजा भोग, मगच आईला तोंड दाखव.”

पेन थांबलं.

“शाई सपली का?”

“न्हाय,” रावजी म्हणाला, आणि लिहिलं.

सूरजची सुपारी फुटली. सिद्धूला सात वर्षांची सजा लागली. ते पत्र टाकलं त्या दिवशी पोस्टात, परदेशी पाकिटाच्या तिकिटाचे पैसे द्यायला रावजीनं खिशात हात घातला, तर छबूबाईनं तो धरला.

“न्हाय, भावजी. पाप माझ्या पोराचं. तिकीट मीच लावनार.”