चार अर्थांचं झाड

वनस्पतिउद्यानातल्या सगळ्यांनी तिचं नाव अर्थबाई ठेवलं होतं. तोंडावर कुणी म्हणत नसे, पण तिला ठाऊक होतं, आणि खरं सांगायचं तर आवडतही होतं. आलेल्या लोकांना झाडं दाखवत फिरणं हे तिचं काम. दुसरे मार्गदर्शक झाडाची उंची सांगायचे, वय सांगायचे आणि पुढे निघायचे. ही बाई थेट नावालाच हात घालायची. नाव कुठून आलं, कुणी ठेवलं, त्यात खरं किती आणि थापा किती. खोट्याची तिला शिसारी होती. कुणी झाडाबद्दल काहीबाही ठोकून दिलं की नाकाशी नासलेलं दूध धरल्यासारखं तिचं तोंड व्हायचं.

तिचं लाडकं झाड म्हणजे कारंज्यामागचं लिंडन. बागेत ते एकच होतं. शास्त्रातलं त्याचं नाव टिलिया, आणि या तीन अक्षरांवर बाई पाऊण तास बोलायची. कुणी म्हणतं, हे नाव तंतूसाठीच्या ग्रीक शब्दावरून आलं, कारण या झाडाच्या आतल्या सालीच्या लांबच लांब पट्ट्या निघतात आणि त्यांचे दोर वळता येतात. कुणी म्हणतं, छे, ते पंखावरून आलं. फळांच्या देठाला एक फिकट पान चिकटलेलं असतं आणि फळ गळताना ते गरगरत खाली येतं. तिसरे म्हणतात, हे मुळात एल्म नावाच्या भलत्याच झाडाचं नाव, गफलतीने याच्या गळ्यात पडलं. चौथे म्हणतात, रुंद अशा अर्थाच्या एका जुन्या शब्दावरून, पानं रुंद म्हणून.

"मग यातलं खरं कुठलं?" असं कुणी विचारलं की बाईची कळी खुलायची.

"नक्की कुणालाच माहीत नाही. आणि जो नक्की सांगेल त्याच्यापासून चार हात लांब राहा."

पहिला अर्थ ती दाखवायचीसुद्धा. छाटणीत निघालेल्या फांद्या शेडमागच्या हौदात आठवडेच्या आठवडे भिजत पडायच्या. साल कुजली की आतले तंतू सुटे होतात. त्या हौदाचा वास म्हणजे काय विचारता! मेलेला उंदीर परवडला. बाई कोपरापर्यंत हात घालून त्या काळ्या, बुळबुळीत पाण्यातून एक पट्टी ओढून काढायची, स्वच्छ पाण्यात धुवायची, आणि नाकाला रुमाल लावून उभी असलेली माणसं ती रेशमासारखी पट्टी हातात घेऊन बघत राहायची. त्या घाणीची तिला कधी किळस वाटली नाही. ती घाण कामाची होती.

मग नवे साहेब आले. आधी ते एका मोठ्या हॉटेलचा कारभार बघत. झाडांतलं त्यांना काडीचं कळत नसे, पण माणसांना काय हवं ते बरोबर कळे. पहिल्याच दिवशी त्यांनी अत्तर लावलेला हात पुढे केला. बाईच्या तळहाताला तो वास संध्याकाळपर्यंत चिकटून राहिला, दोनदा साबण लावला तरी जाईना. दुसऱ्या दिवशी साहेबांनी लिंडनखाली दोन बाकं टाकून घेतली.

"तिथे नको साहेब," बाई म्हणाली. "या झाडावर मावा पडतो. ते किडे पानातला रस पितात आणि वरून चिकटा गाळतात. बाकं काळी होतील."

"पुसून घेऊ हो. पानं बघा ना, काय सुंदर आहेत! हृदयासारखी. टिलिया म्हणजे प्रेम, असा फलक लावून टाकू."

"पानं हृदयासारखी आहेत, खरं आहे. एका जातीच्या नावात तसा शब्दही आहे. पण टिलिया म्हणजे प्रेम नव्हे."

साहेब गोड हसले. "बाई, तुम्हीच सांगता ना, चार अर्थ आहेत आणि नक्की कुठला ते कुणालाच माहीत नाही? मग आम्ही पाचवा लावला तर कुणाचं काय बिघडलं?"

स्वतःचंच वाक्य दुसऱ्याच्या तोंडातून असं उष्टं होऊन परत आलं की माणूस काय बोलणार?

फलक लागला. जोडपी येऊ लागली. त्या चिकट बाकांवर बसून ती एकमेकांना पानं भरवायची, चघळलेलं च्युइंगगम खोडाला लावायची आणि त्यात आपापल्या नावांची अक्षरं टोचायची. गुलाबी, पांढरे, दातांचे ठसे उमटलेले गोळे, त्यांना चिकटलेल्या मुंग्या. एकदा बाईचा हात चुकून त्यावर पडला आणि तिने कारंज्यातच हात धुतले. पुढे साहेबांना हौदाचा वास आला. त्यांनी नाकाला रुमाल लावूनच हुकूम सोडला आणि हौद त्याच दिवशी उपसून, फिनाईलने धुऊन, त्यात कमळं सोडली गेली. बाईने विरोध केला तेव्हा तिची बदली काचघरातल्या निवडुंगांकडे झाली. लिंडनची फेरी टोपीवाल्याकडे गेली. हा टोपीवाला म्हणजे साहेबांनी हॉटेलातून बरोबर आणलेला माणूस. जीभ गुळगुळीत, आणि डोक्यावर ऊन असो नसो टोपी.

बाईने कानाला खडा लावला. कारंज्यामागे पाऊल टाकायचं नाही. निवडुंगाचे काटे परवडले, पण तो गोडगोड चिकटा बघवत नाही. तिने झाडाकडे पाठ फिरवली, तीही किळसेने. ती पाठ फिरवणंच महागात पडलं.

एका संध्याकाळी नणंद घरी आली. तिच्या मुलीचं लग्न ठरलं होतं आणि ती आनंदाने नुसती उतू चालली होती. बाईचा नवरा, जो चष्म्याच्या दुकानात काचा घासायचा आणि घरी आल्यावरही प्रत्येकाकडे भिंगातून बघितल्यासारखा बघायचा, बहिणीसाठी चहा टाकत होता.

"वहिनी, हे बघ!" नणंदेने मनगट पुढे केलं. त्यावर सालीची एक पट्टी गाठ मारून बांधलेली. "तुझ्याच बागेतलं! तिकिटाबरोबर देतात. ज्याने बांधलं त्याचं नातं तुटत नाही म्हणे. मुलीसाठी आणि जावयासाठीही घेतलं. अगं, तू तिथली असून आम्हाला कधी बोलली नाहीस!"

बाईने पट्टी बोटांनी चाचपली. नखाने थोडी उकलली. आत हिरवं, ओलसर होतं. वासाला गोडूस. हौदात कुजवलेली साल अशी नसते. ही जिवंत झाडाची, उभ्या खोडावरून सोललेली होती.

"वन्सं, कुणी काढून दिली ही?"

"तो टोपीवाला. आमच्यासमोरच काढली. सुरी फिरवली की सुर्रकन येते! सगळे टाळ्या वाजवतात."

बाई उठून मोरीत गेली. नवरा मागोमाग आला.

"काय झालं?"

"सोलतायत," ती म्हणाली. "उभं सोलतायत त्याला."

सकाळी दार उघडायच्या आधीच ती कारंज्यामागे पोचली. खोडाभोवती, माणसाच्या कमरेपासून छातीपर्यंत, साल नव्हती. उघडं लाकूड पिवळट पडलेलं, त्यातून पू यावा तसा रस झिरपत होता आणि त्यावर माश्या बसल्या होत्या. वर गम, खाली गम, मधे ही जखम. सालीतूनच पानांचं अन्न मुळांकडे उतरतं. साल सगळीकडून गेली की झाड मरतं, लगेच नाही, पण नक्की. मागच्या बाजूला, झुडपामुळे हात पोचत नव्हता तिथे, तेवढी वीतभर शाबूत होती. तिने ती वीत तळहाताने झाकून बघितली. हात मावला आणि वर जेमतेम दोन बोटं उरली.

तिने झाडांच्या डॉक्टरांना बोलावून घेतलं. बागेतल्या आजारी झाडांवर औषधपाणी करणारा हा म्हातारा माणूस, बोलायला कंजूष. त्याने गुडघ्यावर बसून सगळं नीट पाहिलं.

"एवढ्यावर जगेल," तो म्हणाला. "ही वीत राहिली तर. ही गेली तर काही खरं नाही."

दोघं साहेबांकडे गेले. साहेबांनी सगळं ऐकून घेतलं, हळहळले, टेबलावरच्या बाटलीतून हाताला सुगंधी पाणी लावलं.

"म्हणजे वीतभर आहे ना अजून?" ते म्हणाले.

बाईला वाटलं, आपण चुकीचं ऐकलं.

"शनिवारी मोठी मंडळी येतायत. बागेला देणगी देणारी. त्यांच्यापुरतं होईल. मग थांबवू, शब्द देतो. आणि झाड गेलंच, तर नवं लावू की! लहान लिंडन मिळतं विकत."

बाई माणसांवर चिडली होती अनेकदा. पण माणसाच्या चेहऱ्याकडे बघून अंगावर पाल पडल्यासारखं होणं, हे तिने त्या दिवशी पहिल्यांदा अनुभवलं. साहेब अजून हसत होते आणि त्यांच्या ओठांच्या कोपऱ्यात चहाची साय सुकली होती.

शनिवारी ती काचघर सोडून कारंज्यामागे येऊन उभी राहिली. झाडांचे डॉक्टरही औषधाची बादली घेऊन आले होते. देणगीदार मंडळी आली: उंची कपडे, चेहऱ्यावर ऊन नको म्हणून छत्र्या. जखम दिसू नये म्हणून खोडाभोवती गुलाबी कापड गुंडाळलं होतं. टोपीवाल्याने प्रेम, हृदय, जन्मभराचं नातं असं सगळं तोंडपाठ म्हणून टाकलं. मग झुडूप बाजूला सारून त्याने सुरी काढली.

"थांबा," बाई म्हणाली.

साहेबांच्या कपाळावर आठी आली. ओरडून उपयोग नव्हता. ओरडली असती तर तिला हाताला धरून बाहेर नेलं असतं आणि सुरी फिरलीच असती. झाडासाठी दया मागितली असती तर छत्र्यांखालून चुकचुक झाली असती आणि तरी प्रत्येकाला आपल्यासमोर सोललेली ताजी पट्टी हवीच असती. हे सगळं तिने रात्रभर उलटसुलट करून पाहिलं होतं.

"माफ करा," ती म्हणाली. "हे लिंडन नाही."

"काय?" साहेब म्हणाले.

"टिलिया नाही हे. चूक झाली. माझीच. इतकी वर्षं मी सांगत आले, पण परवा पानं नीट तपासली. भलतंच झाड आहे. दिसायला तसं, एवढंच."

एका गृहस्थाने मनगटावरची, आधी सोललेल्यातली, दारातच बांधलेली पट्टी वास घेऊन बघितली.

"मग ही कसली साल? खाजबीज सुटणार नाही ना?"

"अजून तरी कुणाला सुटलेली नाही," बाई म्हणाली.

त्याने ती ओरबाडून काढली आणि गवतात टाकली. पाठोपाठ इतरांनीही. कुणी रुमालाने मनगट पुसू लागलं. किळस अशी पटकन पसरते.

साहेबांचा चेहरा उतरला होता. त्यांना लिंडन आणि वांग्याचं रोप यांत फरक कळत नव्हता, आणि आपल्याला कळत नाही हे चारचौघांत कबूलही करवत नव्हतं. ते डॉक्टरांकडे वळले. "तुम्ही सांगा. खरं आहे का हे?"

डॉक्टरांनी झाडाकडे पाहिलं, बाईकडे पाहिलं.

"मी औषध देतो साहेब. नावांचं यांनाच विचारायचं. ते यांचं खातं."

मंडळींतली एक वयस्क बाई पुढे आली. छत्री मिटून तिने अर्थबाईकडे निरखून बघितलं.

"मी तुमच्याबरोबर आले होते इथे. माझ्या मुलाला घेऊन. तंतू, पंख, ते दुसऱ्या झाडाचं नाव, रुंद पान. चारही अर्थ त्याने शाळेत सांगितले होते. अजून पाठ आहेत त्याला. तुमच्यामुळेच तो पुढे झाडं शिकायला गेला." ती थांबली. "ते सगळं खोटं होतं?"

सगळं खरं होतं. तिने आयुष्यात जेवढं खरं सांगितलं त्यातलं सगळ्यात नीट तपासलेलं खरं होतं. पण पाठीमागे वीतभर साल होती आणि टोपीवाल्याच्या हातात सुरी होती.

"सगळं," ती म्हणाली.

त्या बाईच्या तोंडावर जे भाव आले ते अर्थबाईला नीट ओळखता आले. कुणी झाडाबद्दल थाप मारली की तिचं स्वतःचं तोंड अगदी तसंच व्हायचं. तिच्या जिभेवर तुरटपणा राहिला, आणि तो थुंकून टाकण्यासारखा नव्हता.

"शी," ती वयस्क बाई म्हणाली, आणि छत्री उघडून निघून गेली.

मागून कुणीतरी फिदीफिदी हसलं. एवढी वर्षं काय आंधळी कोशिंबीर खेळत होत्या का, असंही कुणी म्हणालं. साहेबांनी मंडळींना घाईघाईने गुलाबांकडे नेलं. जाता जाता ते दातांतून बोलले, "फलक काढा तो. आजच. आणि तुम्ही फेरीवर परत दिसायचं नाही."

घरी नणंदेचा पारा चढलेला होता. लेकीने पट्टी कातरून फेकली होती आणि होणाऱ्या जावयाकडे नाक कापलं गेलं होतं. "वहिनी, तुला तुझ्या झाडाचं नाव माहीत नव्हतं?" ती पुन्हा पुन्हा विचारत होती. बाई मूग गिळून बसली. नणंदेच्या तोंडात तीळ भिजत नसे. ती गेल्यावर नवऱ्याने चष्मा काढून पुसला.

"तू आणि झाड ओळखायला चुकणार?" तो म्हणाला. "मला सांगायचं नसेल तर नको सांगूस."

तिने त्यालाही सांगितलं नाही. फक्त बराच वेळ चूळ भरत राहिली.

तिला बियांच्या शेडमध्ये बसवलं. दिवसभर बिया पाखडायच्या, निवडायच्या, पाकिटात भरायच्या. माणसांशी बोलायचं नाही. नवीन आलेल्या मार्गदर्शकांना जुने लोक तिची गोष्ट सांगत: ही ती, जिला स्वतःचंच झाड ओळखू आलं नाही. ते खिडकीतून डोकावून बघत आणि हसू दाबत. अर्थबाई हे नाव आता तोंडावर घेतलं जाई. ते ऐकलं की तिच्या अंगावर काटा यायचा, पण ती मान वर करत नसे.

लिंडनला डॉक्टरांचं औषध चालू होतं. वसंत आला, गेला. एका सकाळी कारंज्याच्या बाजूने माणसांचा घोळका आला. शेडची खिडकी उघडी होती. टोपीवाला पुढे चालत होता. एक लहान मुलगी थबकली आणि तिने लिंडनच्या हिरव्यागार फांद्यांकडे बोट दाखवलं. बाईचा हात बियांत तसाच राहिला.

"हे कसलं झाड?" मुलीने विचारलं. "याला नाव नाही?"

"ते? ते काही नाही," टोपीवाला म्हणाला. "आहे असंच एक. चला, पुढे चला."

आणि सगळे पुढे गेले.