माशाचं वय

संग्रहालयात त्याला सगळे हाडवैद्य म्हणत. नाव त्याच्या वहिनीनं ठेवलं होतं आणि ते चपखल बसलं होतं. समुद्राच्या तळाशी गाळ साचून जो चुनखडक तयार झाला, त्यात कोट्यवधी वर्षांपूर्वीच्या जिवांचं काय काय दडलेलं असतं. पण या गृहस्थाला त्यातलं फक्त हाड दिसायचं. मासा निघाला की डोळे लकाकायचे, शंखशिंपला निघाला की नाक मुरडायचं. "ज्याला कणाच नाही, त्याच्यावर जन्म घालवणाऱ्यांचं कौतुक वाटतं बुवा," असं तो चहाच्या वेळी म्हणायचा, वहिनीला नेमकं ऐकू जाईल इतक्या आवाजात.

वहिनी म्हणजे थोरल्या भावाची बायको. शंखशिंपल्यांचा विभाग तिच्याकडे, बसायची शेजारच्याच खोलीत. घरी जेवायला एकत्र आले तर दोघं मीठ मागण्यापुरतं बोलत. थोरला भाऊ मधल्या खुर्चीत मान खाली घालून जेवायचा. तो बिचारा विमा कंपनीत होता.

मग एके दिवशी तो धोंडा आला. उशीएवढा, खाणीच्या तळाशी ढिगाऱ्यात पडलेला. एका अंगाला माशाच्या कवटीची कड, दुसऱ्या अंगाला वेटोळ्याचा एक शंख अर्धा बाहेर डोकावत होता. हाडवैद्यानं माशाचे दात पाहिले आणि त्याला घाम फुटला. असे दात आजवर वरच्या, म्हणजे बऱ्याच अलीकडच्या थरांत मिळाले होते. हा मासा तळच्या थरातला ठरला, तर त्या कुळाचा मूळपुरुषच हाती लागला म्हणायचा. हाडवैद्याचे केस पिकले होते आणि पदरात एकही धड शोध नव्हता. निवृत्ती दारात उभी होती. लागला तर हाच डाव.

"भावजी," वहिनी दारातूनच म्हणाली, "दगड ॲसिडात बुडवण्याआधी तो शंख मला काढून घेऊ द्या."

"कपाटं भरून शंख आहेत तुमच्याकडे."

"हा नाहीये. काढायचा नसेल तर निदान साचा तरी घेऊ द्या. उद्या लेकीकडे चाललेय, बाळंतपण आहे तिचं. आल्या आल्या करून टाकते."

"बघू."

त्याचं 'बघू' म्हणजे काय, ते घराण्यात सगळ्यांना ठाऊक होतं.

वहिनीची पाठ वळली आणि यानं टब भरला. पातळ ॲसिडात चुना विरघळतो, हाड शाबूत राहतं, हा त्याच्या धंद्यातला रोजचा खेळ. शंखही चुन्याचाच असतो, हे त्याला तुमच्याआमच्यापेक्षा चांगलं माहीत होतं. फोटो काढले तेही दातांचे; शंखाची बाजू टेबलाला टेकलेली होती. शंखावर फेस चढला तेव्हा त्याला, खोटं कशाला सांगा, बरं वाटलं. टबातलं पाणी आणि खाली बसलेला गाळ तो वेळोवेळी मोरीत ओतत गेला. शेवटी कवटी सुटी झाली. देखणी होती, यात वाद नाही.

शोधपत्रिकेकडे लेख पाठवला, तसे एक वयस्कर परीक्षक स्वतः पाहायला आले. त्यांनी दातांवर भिंग फिरवलं, तोंडभरून कौतुक केलं आणि विचारलं, "थर कोणता?"

"तळचा."

"कशावरून?"

"ढिगारा तळाशीच होता."

परीक्षकांनी भिंग खाली ठेवलं. वरून पडलेली वस्तूही तळाशीच येते, हे शेंबड्या पोराला कळतं. आपल्या विद्वानाला ते इतके दिवस सुचलं नव्हतं, कारण सुचून परवडणारं नव्हतं.

"तिथला खडक वरपासून खालपर्यंत एकसारखा आहे," परीक्षक म्हणाले. "दगडात दुसरं काही होतं का?"

"एक शंख होता. वेटोळ्याचा."

"मग अडलंय कुठं! त्यांची ठेवण थरागणिक बदलते. शंख दाखवा, मी आत्ता सही करतो."

हाडवैद्य "आलोच" म्हणून उठला आणि वहिनीच्या खोलीत गेला. नाक मुरडायचं त्या दिवशी राहून गेलं. ती नातवाचे फोटो बघत होती.

"वहिनी, तुम्ही पाहिला होतात तो शंख. तळचा होता, एवढंच सांगा त्यांना. तुमचा शब्द मानतील ते."

तिनं फोन बाजूला ठेवला. "दारातून पाहिला होता भावजी. आत कुठं येऊ दिलंत?"

"अंदाज तरी सांगा!"

"अंदाज तळचाच होता माझा. म्हणून तर मागत होते." ती एकेक शब्द सावकाश म्हणाली. "तुमचा मासा जुना ठरावा म्हणून."

हाडवैद्याला हे मात्र लागलं. आयुष्यभर ज्या बाईला हिणवलं, ती त्याच्याच भल्यासाठी दारात उभी होती, आणि त्यानं हौसेनं आपल्या पायावर धोंडा पाडून घेतला होता. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. ते बघूनही ती विरघळली नाही.

"ते थांबलेत, वहिनी. काय दाखवू त्यांना?"

"मोरी दाखवा," वहिनी म्हणाली, आणि तिनं पुन्हा फोन उचलला.