सायलीचा ग्रह

सायलीला लघुग्रह सापडला तेव्हा धारूरभर पेढे मीच वाटले. त्याच बातमीनं पुढं आमचं तोंड कडू केलं.

माझी ही भाची कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवते. परदेशातल्या दुर्बिणीचे फोटो तपासताना तिला एक सरकता ठिपका दिसला. तो निघाला लघुग्रह, म्हणजे सूर्याभोवती फिरणारा भलामोठा दगड. त्याची वाट, सायलीच्या भाषेत कक्षा, पृथ्वीच्या वाटेजवळून जाते, म्हणून शास्त्रज्ञांनी त्याला 'संभाव्य धोकादायक' म्हटलं. जवळून म्हणजे तरी किती, तर चंद्राच्या पंधरापट लांबून! पण पेपरवाल्याला एवढा दम कुठला? त्यानं मथळा ठोकला, 'सायलीचा ग्रह धोकादायक'.

पेपर तलवाड्यात पोचला. तिथल्या अमरसिंहशी सायलीचं जमलं होतं. ते लोक साखरपुड्याची साडीही देऊन गेले होते. पोरगा इंजिनिअर, आणि आमची मुखदुर्बळ पोरगी त्याच्याशी फोनवर तासन्‌तास बोलायची. इतकी खुललेली मी तिला कधी पाहिली नव्हती.

दुसऱ्याच दिवशी त्याची आई, बायनाबाई, त्याला घेऊन दारात हजर.

"पोरीला धोक्याचा ग्रह हाय, आन् तुमी आमाला सांगितलं कावून न्हाई?"

"अवो, त्यो पत्रिकेतला न्हाई, आभाळातला हाय," मी म्हणाले.

"मग पत्रिकेतले काय जमिनीतले असत्यात?"

कपाळ माझं! सायलीनं कागदावर वर्तुळं काढली. हा सूर्य, ही पृथ्वी, ही दगडाची वाट. बायनाबाईंनी कागदाला हातसुद्धा लावला नाही.

"लईच जवळ हाय की," म्हणाल्या.

सायलीचे वडील, बद्रीनाथ भाऊजी, हात जोडून उभे होते. जमलेलं मोडलं तर गावात तोंड कसं दाखवायचं, एवढंच त्यांच्या डोक्यात. "ग्रहशांती करू. तुमी म्हणाल त्या गुरुजीकडून."

सायली मात्र अमरसिंहकडं बघत होती. ठिपका सापडल्यावर तिनं पहिला फोन त्यालाच केला होता. त्याला सगळं ठाऊक होतं. 'आई, तो नुसता दगड आहे', एवढंच त्यानं म्हणायचं होतं.

त्यानं मोबाइल खिशात घातला. "करून टाक ना शांती. आईचं समाधान. तुझं काय जातंय?"

मला त्याच्या मुस्कटात द्यावीशी वाटली.

"त्या दगडाची पुढच्या शंभर वर्षांची वाट मांडलीय मी," सायली म्हणाली. "तो कुठून जाईल, सांगता येतं. तुझं नाही सांगता येत."

आत जाऊन तिनं साडी आणली आणि बायनाबाईंच्या हातात ठेवली.

ते लोक गेल्यावर शेजारची जाईबाई उंबऱ्यात आली. "मोडलं म्हनं? ग्रहापायीच का?"

सायली तिथंच उभी होती. भाऊजींनी तिच्याकडं पाहिलं नाही.

"व्हय," ते म्हणाले. "ग्रहापायीच."