पलंगासमोरचा कॅमेरा

आई पलंगावरून उतरताना पडली, तेव्हा थोडक्यावर निभावलं. पण लेकीने धसका घेतला. आई शहराच्या दुसऱ्या टोकाला एकटी राहायची, आणि पार्लर टाकून सारखं तिकडे पळणं लेकीला जमण्यासारखं नव्हतं. तिने आईच्या खोलीत, पलंगासमोरच कॅमेरा बसवून घेतला.

"मग मी कपडे कुठे बदलू?" आईने विचारलं.

"अगं, मीच तर बघणार. माझ्यापासून काय लपवायचंय?"

आई पलंगावरची चादर नीट करू लागली. लेकीला वाटलं, पटलं.

मग गिऱ्हाइकाच्या केसांना रंग लावून झाला, की लेक हातमोजे काढायची आणि मोबाईल उघडायची. आई झोपलीय, आई पेपर वाचतेय, आई नाकात बोट घालतेय. हे बघून ती खुदकन हसली आणि खुर्चीतल्या बाईलाही तिने दाखवलं. परदेशातल्या भावाला पासवर्ड देऊन टाकला. त्याच्याही जिवाला तेवढाच आधार.

एका दुपारी पलंग रिकामा दिसला. गिऱ्हाइकाचे केस धुऊन झाले तरी रिकामाच. आई फोन उचलेना. लेकीने मागचं चित्रण काढलं. आईने कपाटातून घडीचे कपडे घेतले, छातीशी धरले आणि बाथरूममध्ये गेली, ती बाहेर आलीच नव्हती. आदल्या दिवशीही ती तशीच आत गेली होती. त्याच्या आदल्या दिवशीही.

ओल्या केसांच्या बाईला तशीच सोडून लेक धावली. आई बाथरूमच्या फरशीवर बसलेली, मनगट सुजून टम्म, एक बाही घातलेली, दुसरी लोंबत.

"इथे ओल्यात कशाला बदलत होतीस गं?"

"तिकडे तुझा भाऊ बघतो. परवा फोनवर म्हणाला, आई, तो निळा गाऊन काखेत फाटलाय, टाकून दे." आई कण्हली. "म्हातारी झाले म्हणून लाज गुंडाळून ठेवू होय?"

लेकीने लोंबती बाही तिच्या खांद्यावर ओढली.

हाताला प्लास्टर घालून दोघी घरी आल्या. भावाचा फोन आला. "आता बाथरूमच्या दाराशीही एक लावून टाक."

"आधी तुझ्या बेडरूममध्ये लाव," म्हणून तिने फोन ठेवला, स्टुलावर चढून कॅमेरा उतरवला आणि स्वतःच्या कपड्यांची बॅग आणून आईच्या कपाटाशेजारी टेकवली.

संध्याकाळी कपडे बदलायची वेळ झाली.

"बाही तेवढी ओढ," आई म्हणाली. "हं. आता तोंड तिकडे कर."

लेक भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. एका हाताने बटणं लागत नव्हती. आई पुटपुटत होती, मधेच थांबत होती. लेकीला वळून बघावंसं वाटलं. ती वळली नाही.