न हलणारी गिऱ्हाइकं

मी चिंतामणी फोटोवाल्यांचा कॅमेरा. पोटाशी धरून, मान खाली घालून ज्यात पाहतात, त्या जातीचा. उल्हासनगरच्या कॅम्प तीनमध्ये वीस वर्षं मी फक्त मेलेली माणसं पाहिली.

त्या काळी पुष्कळांचा जिवंतपणी फोटोच नसे. माणूस गेला की घरच्यांना रिकाम्या भिंतीची आठवण होई. चिंतामणी येत, मृताला उशीला टेकवून बसवत, तळहाताने पापण्या मिटवत आणि म्हणत, "हलू नका." मग छापलेल्या फोटोवर बारीक कुंचल्याने उघडे डोळे रंगवत. सगळ्यांना एकच डोळे, किंचित चकित झालेले. ते पाहिले की पार बदलापूरच्या खेड्यांपर्यंत लोक ओळखत, माणूस गेला.

१९८६ साली बदलापूरच्या एका वृद्धाश्रमाला अनुभवी फोटोग्राफर हवा होता. संस्था ध्येयवादी होती, म्हणजे खुर्च्या कमी आणि भाषणं जास्त.

"अनुभव?" सचिव वृंदाताईंनी विचारलं.

"वीस वर्षं. एकही गिऱ्हाईक हललं नाही."

"कुणाची तक्रार?"

"कोण करणार?"

वृंदाताईंना तो विनय वाटला. नेमणूक झाली.

पहिली बसली कौसाबाई. मुलगा सोमा 'न्यायला येतो' म्हणून गेला, त्याला दोन वर्षं झाली होती. फोटो त्याला पाठवायचा होता. "मी धडधाकट हाय, ह्ये त्याला दिसू दे. मंग न्हेईल."

चिंतामणींचा हात सवयीने तिच्या पापण्यांकडे गेला.

"आरं ए, जित्ती हाय मी!"

ते ओशाळले. "हलू नका," म्हणाले. ती डोळे टक्क उघडे ठेवून बसली. शपथेवर सांगतो, उघडेच होते.

फिल्म धुतली, तर मिटलेले. बाराच्या बारा फोटोंत. उघडे डोळे पाहायला मला कुणी शिकवलंच नव्हतं. चिंतामणींनी कुंचला काढून नेहमीचेच डोळे रंगवले, आणि फोटो चिठ्ठीसकट सोमाला गेला.

तीन आठवड्यांनी सोमा आला. डोक्याचा गोटा केलेला. कौसाबाई लगबगीने उठली आणि थबकली.

"कोण गेलं रं, सोमा?"

तो तिच्याकडे न बघता वृंदाताईंना म्हणाला, "चिठ्ठी वाचलीच न्हाई, ताई. डोळं बघितलं. तेरावं उरकलं, गाव जेवलं. आता हिला कुठल्या तोंडानं घरात न्हेऊ?"

गेला. एकटाच.

पुढे नऊ वर्षं, संस्थेचा अहवाल निघायचा तेव्हा कौसाबाई माझ्यासमोर येऊन बसे. "आता तरी उघडं काढ." मला जमलं नाही.

१९९५ मध्ये ती गेली. चिंतामणींनी स्वतःच्या हाताने तिच्या पापण्या मिटवल्या आणि एकच फोटो काढला. फिल्म धुतली तेव्हा डोळे उघडे होते. कुंचला न लावता. दाराकडे लागलेले.

त्यानंतर चिंतामणींनी मला हात लावला नाही. मी संस्थेच्या कपाटात आहे, जुन्या अहवालांच्या गठ्ठ्यावर. नवे सचिव हौशी आहेत. कालच म्हणाले, "चालतोय का बघू. या, सगळे उभे राहा."

बाबांनो, उभे राहू नका. राहिलातच, तर फोटो घरी पाठवू नका.