वाजणारा ग्लोव्ह

लोक विचारतात, बेसबॉलमध्ये तुम्ही कुठल्या जागेवर खेळायचात? मी म्हणतो, कॅचर, म्हणजे फलंदाजाच्या मागे बसून बॉल झेलणारा. मग त्यांचे डोळे चमकतात आणि ते विचारतात, कुठकुठले सामने खेळलात? इथे माझी गाडी अडते. शाळा संपल्या संपल्या क्लबने मला घेतलं खरं, पण पहिल्या संघातून मी मैदानात उतरलो तो एकदाच, तेही आमचा मुख्य कॅचर पोट बिघडून संडासात बसला होता म्हणून. पुढे क्लबने मला बोलावून सांगितलं की खेळाडू म्हणून तुझं काम संपलं, पण मोरिवाकी, तुझा ग्लोव्ह छान वाजतो, तू बुलपेनमध्ये राहा.

सामन्याआधी पिचर लोक, म्हणजे बॉल टाकणारे, हात मोकळा करतात ती जागा म्हणजे बुलपेन. तिथे त्यांच्यासमोर उकिडवं बसायचं आणि दिवसभर बॉल झेलायचे. आम्हाला चेष्टेने भिंत म्हणायचे. माझी सासू पाहुण्यांना सांगायची, जावई बेसबॉलमध्ये आहे, फक्त दिसत नाही.

पण भिंत वाजत नाही आणि मी वाजायचो. बॉल तळव्यावर घेतला तर थप्प असा मेलेला आवाज येतो. तोच अंगठा आणि तर्जनीच्या मधल्या खळग्यात घेतला, आणि हात तसूभरही मागे नेला नाही, तर असा फाट्कन वाजतो की वरचे पत्रे दणाणतात. पिचर ही जात भारी हळवी. सकाळी बायको नीट बोलली नाही तर दुपारी त्यांचा खांदा दुखतो. असा आवाज चार-पाचदा कानावर पडला की त्यांना वाटतं आज आपल्याला कुणी हात लावू शकत नाही, आणि मग ते खरंच तसं टाकायला लागतात. त्यापायी माझी तर्जनी सुजून कायमची वाकडी झाली. माझी बायको चिझुरू म्हणायची, तुम्ही भातासाठी वाडगा पुढे केलात तरी मी कानावर हात ठेवते.

या आवाजाचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक म्हणजे कुरामित्सू. आमचा सगळ्यात जुना पिचर, डावखुरा, थोडी ढेरी सुटलेला, स्वभावाने राजा. माझ्याशिवाय कुणाकडे टाकायचाच नाही. बाकीच्यांचे ग्लोव्ह त्याला ओल्या उशीसारखे वाटायचे. माझ्या लग्नात भाषण करायला उभा राहिला आणि अर्धा तास स्वतःबद्दलच बोलला, आणि तरी माझ्या आईच्या डोळ्यांत पाणी आलं. असा माणूस.

ही गोष्ट त्या वर्षीची, बॉलचा वेग मोजायचं यंत्र जपानात नुकतंच आलं होतं तेव्हाची. फेब्रुवारीत नेहमीप्रमाणे मियाझाकीला सरावाचं शिबिर होतं. सामना सुरू करणाऱ्या पिचरांमध्ये एकच जागा उरली होती आणि तिच्यासाठी दोघे होते. एक कुरामित्सू. क्लबने त्याला साफ सांगितलं होतं की जागा मिळाली तर ठीक, नाहीतर आता घरी जा. दुसरा तोकोनामी, कागदाच्या कारखान्याच्या संघातून नोकरी सोडून आलेला, लांब हातांचा आणि कमी बोलणारा.

निवड दोबाशींच्या हातात होती. हे आमचे पिचिंगचे कोच. त्यांनी ते यंत्र खोक्यातून बाहेरसुद्धा काढू दिलं नाही. त्यांचं म्हणणं, यंत्राला आकडा कळतो, बॉल कळत नाही. ते आमच्याकडे पाठ करून, हाताची घडी घालून, डोळे मिटून उभे राहायचे आणि नुसत्या आवाजावरून पिचर जोखायचे. जाळीपलीकडे थर्मास घेऊन बसणारे म्हातारे प्रेक्षकही तसेच, माना हलवून ऐकत बसायचे. शेवटच्या दिवशी दोबाशींनी जाहीर केलं की दोघांचेही बॉल मोरिवाकीच झेलेल. दोघांना एकच ग्लोव्ह, म्हणजे न्याय सारखा.

आधी कुरामित्सू आला. त्याचा बॉल मी झोपेतही झेलला असता. कुठे येणार, कसा येणार, सगळं पाठ. बॉलमागून बॉल असा कडाडत होता की जाळीपलीकडच्या म्हाताऱ्यांनी चहा खाली ठेवून टाळ्या वाजवल्या. दोबाशींची पाठसुद्धा खूश दिसत होती.

मग तोकोनामी. त्याचा पहिला बॉल सरळ आला, मी ग्लोव्ह लावला, आणि शेवटच्या हातभर अंतरात तो आत वळून माझ्या तळव्यावर आदळला. थप्प. दुसरा थप्प. तिसऱ्याला मी अंदाज बांधून ग्लोव्ह सरकवला तर तो आणखी वळला आणि अंगठ्याला लागला. डोळ्यांसमोर काजवे चमकले. मी घोगऱ्या आवाजात ओरडत होतो, "छान बॉल! छान बॉल!" आणि ते शंभर टक्के खरं होतं, पण पाठ करून उभ्या असलेल्या माणसाला ऐकू येत होता तो फक्त थप्प. तोकोनामीचा चेहरा बॉलगणिक पडत चालला होता.

मला काहीच करावं लागणार नव्हतं. ना खोटं बोलावं लागणार होतं, ना कुणाचं वाईट करावं लागणार होतं. नुसतं गप्प बसलो असतो तरी कुरामित्सूची जागा पक्की होती. दोबाशी वळले आणि म्हणाले, ठीक आहे, ऐकलं मी. मी उठलो. गुडघे कुरकुरले, आणि खरं सांगतो, मला स्वतःचा भयंकर राग येत होता.

"दोबाशी-सान, हा थप्प आवाज बॉलचा नाही, माझा आहे," मी म्हणालो. "याचा बॉल मला झेलताच येत नाहीये. मला झेलता येत नाही तर समोरच्या फलंदाजाला मारता काय येणार?"

दोबाशींनी कोपऱ्यातली बॅट उचलली आणि स्वतः जाऊन उभे राहिले. तोकोनामीने टाकला. बॉल वळून त्यांच्या मनगटावर आला आणि साठीचा तो माणूस टुणकन मागे उडाला. म्हाताऱ्यांमध्ये खसखस पिकली. दोबाशींनी बॅट जागेवर ठेवली, तोकोनामीला सांगितलं की हंगामाच्या पहिल्या आठवड्यातला सामना तुझा, आणि कुरामित्सूसमोर जाऊन कमरेत वाकले.

मी बाकावर बसून पायांचे पॅड सोडत होतो, तेव्हा कुरामित्सू शेजारी येऊन बसला.

"मोरी, मग माझा आवाज कुणाचा होता?"

मी म्हणालो, "माझा."

"पहिल्यापासून?"

"नाही हो. ही शेवटची दोन वर्षं. त्याआधी मी नुसता ग्लोव्ह धरून बसायचो, तुमचा बॉलच वाजायचा."

मला वाटलं, आता हा उठून जाणार आणि आयुष्यात पुन्हा तोंड दाखवणार नाही. पण त्याने हसून माझ्या पाठीत अशी थाप मारली की मी ठसकलो. "दोन वर्षं फुकट खाऊ घातलंस की रे," तो म्हणाला. मग त्याने पलीकडे पाहिलं. तोकोनामी निवड होऊनही एखादं भांडं फोडल्यासारखा उभा होता.

"त्याला अजून आपलाच बॉल मेलेला वाटतोय. उद्यापासून तू त्याच्यासमोर बस," कुरामित्सू म्हणाला. "तो वाजायला लागेपर्यंत मी कुठे जात नाही."

क्लबला त्याने काय सांगितलं देव जाणे, पण तो राहिला. रोज बाकावर बसायचा, शेंगदाणे खायचा आणि मला शिव्या घालायचा. अजून जरा डावीकडे, गाढवा. तू काय बॉल झेलतोयस की डास मारतोयस? माझा अंगठा काळानिळा पडला. तोकोनामी त्या शिव्यांना हळूच हसायला लागला आणि मोकळ्या हाताने टाकायला लागला.

मार्च संपत आला होता. एका दुपारी तोकोनामीचा बॉल आला, वळला, आणि माझा ग्लोव्ह नेमका तिथे होता. असा वाजला की पत्र्यावरची कबुतरं उडाली. तोकोनामी स्वतःच्या हाताकडे बघत राहिला. मी आनंदाने ओरडत बाकाकडे वळलो.

कुरामित्सूने स्पाइक्सचे बूट काढून पिशवीत भरले होते. पिशवी खांद्याला लावून त्याने मला हात केला आणि तो ऑफिसच्या दिशेने चालू लागला, घाईने, गाडी चुकणार असल्यासारखा. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. तोकोनामीचा बॉल वाजला की तो जाणार, हे त्याने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. त्याच्याकडे जेवढे दिवस होते ते मीच रोज थोडे थोडे संपवत होतो, आणि शिव्या घालून तो मला घाईच करायला सांगत होता.

त्याच्यामागे धावायला हवं होतं, पण मला रडू आवरेना. मी मास्क खाली ओढला, पुन्हा उकिडवा बसलो आणि तोकोनामीला म्हणालो, टाक अजून एक, जोरात टाक, त्याला ऐकू जाऊ दे.