राखणदाराचा फोटो

मित्रांनो, मी शिरूरच्या एका सार्वजनिक वाचनालयातला जुना ग्रंथ आहे. खिडकीपासून लांबच्या कपाटात, खालच्या फळीवर मला ठेवलं आहे. अंगावर धूळ बसते, कसर लागते. पण माझी त्याबद्दल काही तक्रार नाही. मला कुणी उघडलं नाही तर बरंच वाटतं, कारण माझ्यातल्या एका पानाची मला फार लाज वाटते.

बहात्तरचा दुष्काळ सरला, त्याच्या पुढच्या वर्षी पुण्यातल्या एका छापखान्यात माझा जन्म झाला. माझे लेखक गुन्हेगारीचा अभ्यास करणारे प्राध्यापक होते. माणूस गुन्हा का करतो, त्यात त्याचा दोष किती आणि समाजाचा किती, हे त्यांनी माझ्यात मन लावून लिहिलं. जन्माने कुणी गुन्हेगार नसतो, हे तर त्यांनी पुन्हा पुन्हा बजावलं. कापडी बांधणी आणि पाठीवर सोनेरी अक्षरं घेऊन मी प्रकाशनाच्या टेबलावर बसलो, तेव्हा मला हार घातला गेला. वर्तमानपत्रांनीही वाखाणलं. मी अगदी हरभऱ्याच्या झाडावर चढलो होतो.

आता त्या पानाचं सांगतो. ग्रंथासाठी माहिती गोळा करत प्राध्यापक दौंड तालुक्यात हिंडत होते. यवतजवळ ज्ञानदेवआप्पांचं गुऱ्हाळ होतं. तिथला ऊस आणि गूळ राखायला जालिंदर नावाचे गृहस्थ होते. त्यांच्या जमातीवर इंग्रजांनी गुन्हेगारीचा शिक्का मारला होता. पुढे तो कायद्याने पुसला गेला, तरी लोकांच्या मनातून गेला नव्हता. गंमत अशी की राखणीला मात्र सगळ्यांना याच जमातीचा माणूस लागायचा. त्या जमातीचं नाव मी इथे घेत नाही. एकदा छापून मी पुरेसं नुकसान केलं आहे.

प्राध्यापकांनी जालिंदरना विचारलं, "चोर उसात कसा दबा धरून बसतो, ते जरा करून दाखवता का?" पाहुण्याला नाही कसं म्हणायचं? जालिंदर डोक्यावर घोंगडं ओढून, हातात काठी घेऊन उसाच्या कडेला दबून बसले. फोटो निघाला. सगळे हसले, ताजा रस प्यायले आणि प्राध्यापक पुण्याला गेले.

पुढे पुण्यात फोटोंचा गठ्ठा चाळताना कुणीतरी त्या फोटोखाली ओळ लिहिली. त्यात जमातीचं नाव होतं आणि पुढे शब्द होते, 'गुन्हेगार, चोरीच्या तयारीत'. प्राध्यापकांनी ती तशीच जाऊ दिली. शेकडो पानं तपासणाऱ्या त्या विद्वान माणसाचा डोळा नेमका तिथेच चुकला.

मी शिरूरला आलो आणि यवतकडून गूळ घेऊन आलेल्या एका गाडीवानाने टेबलावर उघडा पडलेला मला पाहिलं. त्याला वाचता येत नव्हतं, पण जालिंदरना त्याने ओळखलं. आपण ग्रंथात छापून आलो आहोत हे कळताच जालिंदर बायकोला, कुशाबाईंना घेऊन एस.टी.ने शिरूरला आले. कुशाबाई ठेवणीतलं लुगडं नेसल्या होत्या. दोघांनी वहाणा दाराबाहेर काढल्या. कुशाबाईंनी कमरेची पुडी सोडली आणि पोथीला लावावं तसं माझ्या पुठ्ठ्याला हळदकुंकू लावलं.

"आवं, ह्ये तुमीच की वो!" फोटो पाहून त्या म्हणाल्या. "चांदभाई, खाली काय लिवलंय?"

चांदभाई वाचनालयाचे कारकून होते. त्यांनी ओळ वाचली आणि त्यांचा चेहरा उतरला. मग घसा खाकरून ते म्हणाले, "लिहिलंय की हा गावाचा राखणदार हाय. ह्याच्या जिवावर लोक निर्धास्त झोपतात."

कुशाबाईंनी डोळ्यांना पदर लावला. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

जालिंदरना हा आनंद मालकाला दाखवायचा होता. बाजारच्या दिवशी ते ज्ञानदेवआप्पांना आग्रहाने घेऊन आले. चांदभाई जेवायला घरी गेले होते. आप्पांना वाचता येत होतं. त्यांनी ओळ वाचली, परत वाचली आणि मला मिटून बाजूला सारलं.

"जालिंदर, उद्यापासनं राखणीला येऊ नगंस."

"का वो आप्पा? काय चुकलं माजं? तुमच्या उसाचं एक टिपरू तरी कवा गेलं का?"

"न्हाई गेलं. पर एवढा मोठा मानूस छापतोय, त्यो उगंच छापील व्हय?" एवढं बोलून आप्पा निघून गेले.

इतक्या वर्षांची राखण एका ओळीपुढे फुकट गेली. ती ओळ माझी होती. मला तोंड असतं तर मी आप्पांना हाक मारून परत बोलावलं असतं.

चांदभाई परत आले तेव्हा जालिंदर पायरीवरच बसले होते. झालेलं ऐकून चांदभाईंनी त्यांना आत नेलं आणि या खेपेला खरं काय ते वाचून दाखवलं. जालिंदर म्हणाले, "तवा खोटं का वाचलंत?"

"मामा, मावशींच्या हातात कुंकवाची पुडी व्हती. माझी जीभच उचलंना."

चांदभाईंनी फूटपट्टी घेतली आणि पानावर आडवी धरली. "हे पान फाडून देतो. घरी न्या, ठेवा न्हाईतर चुलीत घाला. कुणाला कळायचं न्हाई."

जालिंदरनी फोटोतल्या आपल्या तोंडावरून बोट फिरवलं. "माजा ह्यो एकच फोटू हाय, चांदभाई. कुशीला लई हौस हाय त्याची. पर न्हाई. ह्ये पान चोरून न्हेलं, तर खाली छापलंय ते खरं व्हईल की."

त्यांनीच मला हलक्या हाताने मिटलं आणि वहाणा घालून ते निघून गेले. पुढे त्यांना कुणी राखणीला ठेवलं नाही, असं मी ऐकलं.

चांदभाईंनी पुण्याला पत्र टाकलं. पुढच्या आवृत्तीत दुरुस्ती करू, असं उत्तर आलं. माझी पुढची आवृत्ती कधी निघालीच नाही. माझी भावंडं गावोगावच्या कपाटांत तीच ओळ घेऊन उभी आहेत.

मित्रांनो, तुमच्यापैकी कुणी मोठेपणी माणसांविषयी ग्रंथ लिहील. ज्याच्याविषयी लिहाल त्याला ते छापण्याआधी वाचून दाखवा आणि त्याचं नाव विचारून घ्या. माझ्या त्या फोटोखाली जमातीचं नाव आहे, माणसाचं नाही. त्यांचं नाव जालिंदर होतं.